औषधाच्या नावाने जंगल वाचत नाही

जूनच्या दुसऱ्या पंधरवड्यात शाळा उघडल्या की आमच्या भागात पर्यावरण दिन साजरा होतो. खरा दिवस पाच तारखेचा, पण तेव्हा वर्गांना कुलपं असतात. निवृत्त झाल्यापासून अशा कार्यक्रमांची बोलावणी मला येतात, आणि माझ्या आधी बोलणारे पाहुणे एक वाक्य हमखास म्हणतात, 'कुणास ठाऊक, उद्या कॅन्सरवरचं औषध आपल्याच जंगलात सापडेल!' मुलं टाळ्या वाजवतात. सगळी नोकरी कोल्हापुरात वनस्पतिशास्त्र शिकवण्यात गेली, तेव्हा मीही टाळ्या वाजवायला हव्यात. पण ते औषध आपल्या जंगलात सापडून पन्नासहून अधिक वर्षं झाली, आणि सापडल्यावर जंगलाचं काय झालं ते मी आंबोली-चंदगडच्या पट्ट्यात पाहिलेलं आहे.

झाडाचं नाव नरक्या. काही जण घाणेरा म्हणतात. पावसाळ्यात फुलतो आणि फुलांना असा वास येतो, की अभ्याससहलीत मुली ओढणी नाकाला लावून पुढे पळायच्या आणि मी त्यांना परत बोलवून पाकळ्या मोजायला लावायची. मोठ्या झाडांच्या सावलीत वाढणारं लहानसं झाड आहे. पानं फांद्यांच्या टोकाशी दाटलेली, फळं पिकली की जांभळट काळी. शास्त्रीय नाव नोथॅपोडायटिस निम्मोनियाना. जुन्या पुस्तकांत मॅपिया फिटिडा. चंदगडकडच्या एका धनगरवाड्यावरचे म्हातारे मामा आम्हाला रान दाखवायला यायचे. हिरडा, शिकेकाई, रानजायफळ यांच्याबद्दल ते भरभरून बोलत. नरक्यापाशी आलो की म्हणत, "बाई, ह्याला कोन इचारतंय? लाकूडबी कामाचं न्हाई." झाडाच्या दृष्टीने याहून चांगली बातमी नव्हती.

या झाडाला भाव कसा आला, ती कथा नंदुरबारपासून सुरू करता येते. मनसुख वाणी यांचा जन्म तिथे १९२५ साली झाला. मुंबई विद्यापीठातून एमएस्सी, मग अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात पीएचडी आणि १९६२ मध्ये नॉर्थ कॅरोलिनातल्या रिसर्च ट्रँगल इन्स्टिट्यूटमध्ये नोकरी. तिथे त्यांचे वरिष्ठ होते मन्रो वॉल. वॉल आधी अमेरिकी शेतीखात्यात होते. कॉर्टिझोन बनवण्यासाठी कच्चा माल म्हणून उपयोगी पडतील अशी स्टेरॉइडं ते वनस्पतींमध्ये शोधत. त्यांच्याकडे साठलेल्या अर्कांपैकी हजारभर अर्क कर्करोगाच्या चाचणीला गेले आणि कॅम्पटोथेका ॲक्युमिनाटा या चिनी झाडाच्या अर्काने उंदरांमधल्या रक्ताच्या कर्करोगावर ठळक परिणाम दाखवला. म्हणजे शोध चालला होता एका गोष्टीचा आणि हाती लागली दुसरी. त्या झाडातला नेमका रेणू वेगळा करून त्याची रचना वॉल आणि वाणी यांनी १९६६ मध्ये मांडली. तो कॅम्पटोथेसिन. पाच वर्षांनी याच जोडीने टॅक्सॉलची रचना प्रसिद्ध केली. कर्करोगावरच्या औषधांमधली दोन मोठी घराणी एका खानदेशी माणसाच्या हातून पुढे आली आहेत; आपल्या शालेय पुस्तकांमध्ये मात्र मला हे नाव कधी दिसलं नाही. वाणी २०२० मध्ये वारले.

सह्याद्री या कथेत आला १९७२ साली. मुंबईत गोरेगावला सीबा कंपनीचं संशोधन केंद्र होतं आणि तिथे टी. आर. गोविंदाचारी होते, भारतीय वनस्पतिरसायनशास्त्रातलं फार मोठं नाव. त्यांनी आणि विश्वनाथन यांनी दाखवून दिलं, की मॅपिया फिटिडामध्ये, म्हणजे आमच्या घाणेऱ्यात, कॅम्पटोथेसिन आहे आणि चिनी झाडापेक्षा बऱ्याच अधिक प्रमाणात आहे. चीनमधलं आणि सह्याद्रीतलं झाड एकमेकांचं नात्यातलंसुद्धा नाही. वेगवेगळ्या कुळांतल्या झाडांनी तोच रेणू घडवलेला. वर्गात हा भाग शिकवताना मला दरवेळी नव्याने आनंद व्हायचा.

त्या वेळी नरक्याला या शोधाची झळ बसली नाही, कारण औषध फसलं होतं. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला रुग्णांवर चाचण्या झाल्या तेव्हा मूत्राशयाला इजा होऊ लागली, रक्तपेशींची संख्या धोकादायक खाली येऊ लागली, आणि चाचण्या गुंडाळल्या गेल्या. मग १९८५ मध्ये कळलं, की हा रेणू नेमका कुठे घाव घालतो. पेशी दुभंगण्याआधी तिच्या डीएनएचा पीळ सोडवावा लागतो. त्यासाठी एक विकर दोन धाग्यांपैकी एक धागा कापतं, पीळ सुटू देतं आणि कापलेली टोकं पुन्हा जोडतं. कॅम्पटोथेसिन कापणं आणि जोडणं यांच्या मधल्या क्षणी येऊन त्या विकराला जागच्या जागी अडकवून टाकतं. टोकं उघडीच राहतात, डीएनएची नक्कल करणारी यंत्रणा तिथवर येऊन आदळते आणि पेशी मरते. हे समजल्यावर रेणूत फेरफार करून तो सहन होईल असा करण्याची स्पर्धा लागली. जपानमध्ये १९९४ साली इरिनोटेकानला मान्यता मिळाली, अमेरिकेत १९९६ मध्ये टोपोटेकान आणि इरिनोटेकान दोन्हींना. प्रयोगशाळेत कॅम्पटोथेसिन पूर्णपणे कृत्रिम रीतीने बनवता येतं, पण ते महाग पडतं. म्हणून कच्चा रेणू झाडातूनच काढायचा आणि पुढचं काम कारखान्यात करायचं, अशी रीत पडली.

आणि झाड होतं आमच्याकडे.

रेणू नरक्याच्या सालीत आणि मुळांत अधिक असतो, पानांत कमी. त्यामुळे पानं तोडून भागत नाही. झाड बुंध्यापाशी तोडायचं, नंतर मूळ उकरून काढायचं, सगळ्याच्या ढलप्या करून वाळवायच्या आणि पोत्यांत भरायच्या. ज्या उतारावर आम्ही विद्यार्थ्यांना घेऊन जायचो तिथे काही वर्षांत नुसते खड्डे दिसू लागले. पावसात त्या खड्ड्यांतून माती वाहून खाली ओढ्यात येई. वनखात्याने नरक्याचा टेम्पो पकडल्याच्या बातम्या कधी चंदगड, कधी आजरा, कधी सिंधुदुर्गातून येत. पकडले जात ते बहुधा गावातले, रोजावर लावलेले तरुण. माल कोणासाठी चालला होता, तो पुढे कुठल्या कारखान्यात जाणार होता, हे बातमीत नसे. धनगरवाड्यावरच्या मामांच्या घरातल्या एका पोरावरही गुन्हा दाखल झाला. मामांनी मला विचारलं, "बाई, तुम्हीच म्हनाला न्हवं का, ह्यात औषद हाय म्हून? मग औषद न्यायचं तर चोरी कशी?" मी कायदा समजावून सांगितला. मामांनी तो ऐकून घेतला, एवढंच म्हणता येईल.

मामांच्या प्रश्नाहून अवघड प्रश्न माझ्या घरातून आला. माझा थोरला भाऊ एसटीत कंडक्टर होता. निवृत्तीनंतर त्याला मोठ्या आतड्याचा कर्करोग झाला. शस्त्रक्रियेनंतर काही काळाने रोग पुन्हा उद्भवला, तेव्हा डॉक्टरांनी जी औषधं सुरू केली त्यांत इरिनोटेकान होतं. मी बाटलीवरचं नाव वाचलं आणि दादाला सगळी गोष्ट सांगितली. जुलाबांनी तो अगदी गळून गेला होता. हेही त्या रेणूचंच काम, कारण आतड्याच्या पेशीही भराभर दुभंगतात आणि रेणू त्यांना सोडत नाही. दादा चंदगडच्या गाडीवर बरीच वर्षं होता, घाटातलं रान त्याने खिडकीतून पाहिलेलं. तो म्हणाला, "म्हंजे आपल्या घाटातलं झाड माझ्या शिरेत चाललंय म्हण की." आणि थोड्या वेळाने म्हणाला, "मग तोडंनात का! माणूस जगतोय न्हवं?"

दादा बरा आहे आणि त्याचं मत आजही तेच आहे. त्याच्या प्रश्नाला टाळून या विषयावर लिहिणं मला अप्रामाणिकपणाचं वाटतं. झाडापेक्षा माणूस मोठा, यावर माझा त्याच्याशी वाद नाही. पण नरक्या तोडला गेला तो माणसं वाचवण्यासाठी तोडावा लागला म्हणून, हे खरं नाही. तो समूळ उपटण्याची गरजच नव्हती. हे झाड तोडल्यावर बुंध्यातून पुन्हा फुटतं. मूळ राखून, काही वर्षांच्या अंतराने फेऱ्या लावून तोड करता आली असती. बंगळुरूच्या शास्त्रज्ञांनी पश्चिम घाटातली नरक्याची झाडं एकेक करून तपासली तेव्हा दिसलं, की कॅम्पटोथेसिनचं प्रमाण झाडागणिक वेगळं असतं. काही झाडं इतरांच्या कितीतरी पट देणारी. अशी झाडं निवडून, त्यांची रोपं करून, शेताच्या बांधावर आणि पडीक वरकस जमिनीवर लावता आली असती. पण कुऱ्हाड चालवणाऱ्याला कुठलं झाड सरस ते कळत नाही. त्याने सरसकट तोडलं, आणि त्यात सर्वांत जास्त औषध देणारी झाडंही गेली असणार. दादाच्या बाजूनेच बोलायचं, तर त्याच्यानंतर ज्याला हे औषध लागेल त्याचाही यात तोटा झाला आहे.

जम्मूच्या एका प्रयोगशाळेतल्या शास्त्रज्ञांनी २००५ मध्ये नरक्याच्या आत राहणारी एक बुरशी वेगळी काढली, जी स्वतःच कॅम्पटोथेसिन बनवते. त्या वेळी मला वाटलं, आता झाड सुटलं. बुरशी मोठ्या टाक्यांमध्ये वाढवतील आणि जंगलाकडे कोणी फिरकणार नाही. पण झाडातून बाहेर काढून पिढ्यान् पिढ्या वाढवल्यावर अशा बुरशींचं उत्पादन घटत जातं, हा अनुभव पुढे अनेकांना आला. झाडाच्या आत त्यांना जे मिळतं ते काचेच्या बशीत मिळत नाही.

आता त्या पाहुण्यांच्या वाक्याकडे येते. जंगल वाचवण्यासाठी औषधाचं आमिष दाखवणं मला पटत नाही, आणि त्याला भावनेपेक्षा हिशेबाची कारणं आहेत. अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेने १९६० पासून दोन दशकं जगभरातल्या सुमारे ३५ हजार वनस्पतींचे १ लाख १४ हजार अर्क तपासले. त्यातून खऱ्या अर्थाने मोठी म्हणता येतील अशी औषधं निघाली ती बोटांवर मोजण्याइतकी. टॅक्सॉल आणि कॅम्पटोथेसिन ही त्यातलीच. उरलेल्या हजारो वनस्पतींचं काय? ज्यांच्यात काही सापडलं नाही त्या तोडायला मोकळ्या झाल्या का? औषधासाठी जंगल राखा म्हणणाऱ्याला या प्रश्नाचं उत्तर द्यावं लागेल. नरक्यासारखी ज्यांच्यात काही सापडलं, त्यांची गत तर सांगून झाली.

कोस्टारिकाचं उदाहरण एके काळी प्रत्येक परिसंवादात ऐकू येई. त्या देशातल्या इनबायो या संस्थेने १९९१ मध्ये मर्क कंपनीशी करार केला. कंपनीने दहा लाख डॉलरच्या वर रक्कम द्यायची, इनबायोने जंगलातले नमुने पुरवायचे, औषध निघालं तर त्यात वाटा आणि त्या पैशातून जंगलाचं रक्षण. कल्पना सुंदर होती. मर्कच्या त्या करारातून एकही औषध बाजारात आलं नाही, आणि पुढे पैशाअभावी इनबायोला आपला सगळा संग्रह सरकारच्या ताब्यात द्यावा लागला. कोस्टारिकाची जंगलं सावरली ती वेगळ्या कारणांनी. झाडं राखणाऱ्या जमीनमालकांना सरकारने इंधनावरच्या करातून मोबदला दिला, आणि जंगल पाहायला येणाऱ्या पर्यटकांचा पैसा गावांत आला.

मलेशियातल्या सारावाकची गोष्ट आणखी बोलकी. १९८७ मध्ये लुंडूजवळच्या दलदलीच्या जंगलात शास्त्रज्ञांनी कॅलोफायलमच्या एका जातीच्या झाडाची पानं आणि फांद्या गोळा केल्या. हे झाड कोकणच्या किनाऱ्यावरच्या उंडीच्या गोत्रातलं. काही वर्षांनी अमेरिकेत तपासणी झाली आणि त्यातल्या कॅलॅनोलाइड नावाच्या रेणूने एचआयव्हीला रोखल्याचं दिसलं. आणखी नमुने आणायला माणसं त्या जागी परत गेली तर झाड तोडलेलं. आसपासच्या झाडांमध्ये तो रेणू हवा तसा मिळेना. अखेर त्याच जातीची झाडं सिंगापूरच्या वनस्पती उद्यानात सापडली, इंग्रजांच्या काळी लावलेली. या गोष्टीत मला भावतं ते हे, की ज्याने ती झाडं बागेत लावली असतील त्याच्या मनात एचआयव्ही नव्हता, कुठलंच औषध नव्हतं. त्याने ती निव्वळ झाडं म्हणून लावली आणि नाव लिहिलेली पाटी ठेवली. कॅलॅनोलाइड अजून औषध म्हणून बाजारात आलेलं नाही, हेही सांगून टाकते.

जंगल आणि शोध यांचा मेळ बसल्याचं उदाहरण म्हणून आपल्याकडे केरळातले काणी आदिवासी सांगितले जातात. १९८७ च्या अखेरीस अगस्त्यमलाईच्या डोंगरात पी. पुष्पांगदन यांच्या तुकडीतले शास्त्रज्ञ चढून थकले, पण सोबतचे काणी वाटाडे कसलीशी फळं खात ताजेतवाने चालत होते. फळं आरोग्यपच्चा नावाच्या रोपाची निघाली. त्या रोपापासून तिरुअनंतपुरमच्या एका संशोधन संस्थेने 'जीवनी' हे शक्तिवर्धक बनवलं. १९९५ मध्ये ते बनवण्याचा परवाना कोइमतूरच्या आर्य वैद्य फार्मसीला १० लाख रुपये आणि दोन टक्के स्वामित्वधन या बोलीवर दिला, आणि त्यातला निम्मा वाटा काणींच्या न्यासाला. जैवविविधता कायदा येण्याच्या कितीतरी आधी एका संस्थेने आपण होऊन हे केलं, त्याचं कौतुक व्हायलाच हवं. पण पुढे काय झालं? आरोग्यपच्चा जंगलात मोठ्या झाडांच्या सावलीत वाढतो. त्याची लागवड आणि तोडणी याला वनखात्याची हरकत आली, दुसरीकडे चोरटी तोड सुरू झाली, उत्पादनाला पुरेसा पाला मिळेना. पैसे वाटण्याची व्यवस्था आधी झाली होती. रोप कुठून येणार आणि ते तोडायचा हक्क कोणाचा, हे ठरलं नव्हतं.

काणींकडे निदान ज्ञान तरी होतं आणि ज्ञानाचा वाटा मागता येतो. आमच्या घाटातल्या धनगरांना नरक्याचा औषधी उपयोग ठाऊक नव्हता. तो प्रयोगशाळेत कळला. म्हणून वाटा देण्याच्या चर्चेत त्यांचं नाव येत नाही. पण ते झाड इतकी वर्षं तिथे उभं राहिलं ते कोणाच्या शेजाराने? एखाद्या कुटुंबाने पिढ्यान् पिढ्या ज्या रानाच्या आधाराने गुरं राखली, त्या रानातल्या रेणूवर त्याचा काहीच हक्क नाही आणि तेच झाड तोडलं तर पहिला गुन्हा त्याच्या पोरावर, हा व्यवहार मला मान्य नाही.

कायदा कागदावर यापेक्षा बरा आहे. २००२ च्या जैवविविधता कायद्याने गावोगावी जैवविविधता व्यवस्थापन समित्या आणि लोकांच्या जैवविविधता नोंदवह्या आणल्या. गावाच्या हद्दीतली जैवसंपत्ती व्यापारासाठी वापरणाऱ्याने गावाला वाटा द्यावा, असं त्यात आहे. देशी कंपन्या म्हणत होत्या, हे परदेशी कंपन्यांना लागू, आम्हाला नाही. दिव्य फार्मसीच्या खटल्यात उत्तराखंड उच्च न्यायालयाने डिसेंबर २०१८ मध्ये निकाल दिला, की देशी कंपन्यांनीही वाटा द्यायचा. मग २०२३ मध्ये संसदेने कायदा दुरुस्त केला. ग्रंथबद्ध पारंपरिक ज्ञान वापरणाऱ्यांना सूट मिळाली आणि उल्लंघनाला पूर्वी तुरुंगवासाची तरतूद होती, ती जाऊन दंड उरला. आयुर्वेदाला चालना मिळावी हा हेतू सांगितला गेला. आयुर्वेदाबद्दल मला आदर आहे, पण ग्रंथात लिहिलेलं असलं म्हणून झाड फुकट उगवत नाही. त्याला जागा, पाणी आणि राखण लागतेच. नोंदवह्यांचं म्हणाल, तर राष्ट्रीय हरित लवादाने जानेवारी २०२० ची मुदत घातल्यावर त्या देशभर घाईने भरल्या गेल्या. आमच्या जिल्ह्यातली एक वही मी चाळली. सड्यावर वसलेल्या त्या गावाच्या वहीत नदीकाठच्या गावाची यादी माशांसकट जशीच्या तशी उतरवलेली होती. सड्यावर त्या माशांना पोहायला जागा कुठे, हे मी विचारलं नाही.

या सगळ्याच्या वर जंगल एरवीही जातंच आहे. दोडामार्ग तालुक्यात रबराच्या लागवडीसाठी डोंगरच्या डोंगर साफ झालेले मी पाहिले. सावंतवाडी-दोडामार्गच्या वन्यजीवमार्गात वृक्षतोडीला उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये बंदी घातली. तोड थांबली असं तिथला कोणी म्हणणार नाही. पश्चिम घाटाबद्दलचा गाडगीळ समितीचा अहवाल २०११ चा, त्यानंतर कस्तुरीरंगन समितीचा, आणि २०१४ पासून पश्चिम घाटाच्या पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राच्या अधिसूचनेचे मसुद्यांमागून मसुदे. २०२४ च्या जुलैमधला सहावा. याच दोडामार्गात बांबर्डे गावी रानजायफळांची दलदल आहे, महाराष्ट्रात फार दुर्मीळ, आणि ती टिकली आहे ती देवराईत असल्यामुळे. कोणी रेणूसाठी ती राखली नाही. देवाची म्हणून राखली, आणि तिच्यातून निघणारं पाणी बागायतींना मिळालं म्हणून राखली. मी देवभोळी नाही. पण टिकलेल्या आणि गेलेल्या जंगलांची यादी समोर ठेवली, तर देव आणि पाणी या दोन कारणांचा गुण औषधापेक्षा वरचा लागतो, हे मला मान्य करावं लागतं.

म्हणून औषधी वनस्पतींचा शोध थांबवा, असं मी म्हणत नाही. दादासमोर बसून असं म्हणण्याची माझी हिंमत नाही आणि इच्छाही नाही. माझं म्हणणं शोधाच्या क्रमाबद्दल आहे. आज प्रकल्प मंजूर होतो, नमुने येतात, रेणू सापडतो, शोधनिबंध छापून येतो. झाडाची रोपं कशी करायची, ही चौकशी झालीच तर शेवटी, दुसऱ्या कुठल्या तरी खात्यात, जंगल विरळ झाल्यावर. नरक्याचं बी रुजायला सवड घेतं, त्याची रोपं कशी करावीत यावर आपल्याकडे चांगलं काम झालं आहे. पण ते तोडीच्या मागून आलं.

हा क्रम उलटा करणं अशक्य नाही. जंगली वनस्पतीतल्या औषधावर सरकारी अनुदान मागणाऱ्या प्रत्येक प्रस्तावात पहिल्या वर्षीच रोपवाटिकेचा खर्च धरलेला असावा, आणि रोपं तयार झाल्याचा दाखला मिळेपर्यंत पुढचा हप्ता सोडू नये. दुर्मीळ झाड जिथे सापडलं त्या जागेचे अक्षांश-रेखांश निबंधात छापू नयेत. ते पुण्याच्या भारतीय वनस्पती सर्वेक्षणाच्या संग्रहात नमुन्यासोबत राहू द्यावेत. ज्या अभ्यासकाला खरंच गरज आहे तो तिथे जाऊन पाहील. आम्ही पिशवीभर जुनी वर्तमानपत्रं घेऊन जंगलात जायचो, नमुने त्यांत दाबायचो, चिठ्ठीवर ओढ्याचं, वाडीचं नाव अभिमानाने लिहायचो. त्या काळी हे नाव वाचणारा दुसरा अभ्यासकच असायचा. आता तसं राहिलेलं नाही.

आणि तोडीचा हक्क गावाला द्यावा. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखाने वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये सामूहिक हक्क मिळवला, २०११ पासून आपल्या जंगलातला बांबू आपल्याच परवान्याने विकला, आणि जंगल संपवलं नाही. घाटातल्या धनगरवाड्यांचे असे दावे वर्षानुवर्षं पडून आहेत. नरक्याचा बुंधा राखून तोड, रोपांची लागवड, थेट कारखान्याशी करार, हे सगळं ग्रामसभेच्या हाती आलं तर मामांच्या घरातल्या पोराला रात्री टेम्पो भरावा लागणार नाही. वनखात्यातले माझे काही विद्यार्थी यावर म्हणतात, 'मॅडम, गावाला दिलं तर सगळं तोडून मोकळे होतील.' सगळं तोडून झालं ते गावाकडे काहीच नसताना, एवढंच मी त्यांना सांगते. मग ते गप्प बसतात, किंवा चहा मागवतात.